जन्मजात सैल सांधे आणि वारंवार निखळणारा खांदा : कोकणात राहून काय करता येते?

सुरंगी (धागाकर्ती)

आमच्या घरात आई, मी आणि आता माझी मुलगी अशा तीन पिढ्यांना सांधे निखळण्याचा त्रास आहे. खांदा, गुडघ्याची वाटी, अंगठ्याचे मूळ, जबडा यांपैकी काहीही अगदी क्षुल्लक निमित्ताने जागेवरून सरकते. आमच्या वाडीत ‘ही माणसं अंगानंच सैल’ असे म्हणून हा विषय संपवला जात असे. मुंबईत आनुवंशिकी विभागात तपासणी झाल्यावर या सैलपणाला एहलर्स-डॅनलॉस सिंड्रोम, त्यातला अतिलवचिक प्रकार, असे नाव मिळाले. हा धागा काढण्याचे कारण असे की वेंगुर्ल्यापासून देवगडापर्यंत असाच त्रास असलेली माणसे मला सतत भेटतात, आणि त्यांतील बहुतेकांचा खांदा एका डॉक्टरांकडे, गुडघा दुसऱ्यांकडे आणि जबडा दंतवैद्यांकडे अशी वाटणी झालेली असते. प्रत्येक जण आपापल्या सांध्यापुरते चोख काम करतो, परंतु हे सारे एकाच मुळातून आले आहे का, असा प्रश्न कोणीच विचारत नाही. माझ्या मते तोच प्रश्न सर्वांत आधी विचारायला हवा, कारण उपचाराची दिशा त्याच्या उत्तरावर ठरते.

सांध्यांभोवतीचे अस्थिबंध, सांध्याचे आवरण, स्नायूंना हाडाशी जोडणारे कंडरे, त्वचा आणि रक्तवाहिन्यांच्या भिंती या सर्वांना ताकद देणारे मुख्य प्रथिन म्हणजे कोलॅजेन. ते तयार करण्याच्या किंवा त्याची वीण घालण्याच्या जनुकीय सूचनेतच दोष असला, तर धागा पुरेसा असूनही तो नीट न वळलेल्या सुंभासारखा ताणला जातो. सांधे सैल करणारा दुसरा आनुवंशिक आजार म्हणजे मार्फन सिंड्रोम, त्यात दोष कोलॅजेनमध्ये नसून फायब्रिलिन-१ या दुसऱ्या प्रथिनात असतो. २०१७ सालच्या आंतरराष्ट्रीय वर्गीकरणात एहलर्स-डॅनलॉसचे तेरा प्रकार मानले आहेत. त्यांतील बाकीच्या प्रकारांची जनुके माहीत आहेत, पण सर्वांत जास्त आढळणाऱ्या अतिलवचिक प्रकाराचे जनुक अद्याप सापडलेले नाही. त्यामुळे ‘रक्ताच्या तपासणीत काही निघाले नाही, म्हणजे आजार नाही’ असे कोणी म्हणत असेल, तर ते या प्रकाराला लागू पडत नाही. त्याचे निदान अंगतपासणीवरून आणि घरातल्या माणसांच्या इतिहासावरूनच होते.

धडधाकट माणसाचा खांदा निखळतो तो माडावरून पडल्यावर किंवा दुचाकी घसरल्यावर. आमचा खांदा फळीवरचा डबा काढताना, झोपेत कूस बदलताना किंवा एस.टी.त वरचा दांडा धरून उभे असताना ब्रेक लागला की सरकतो. बऱ्याचदा तो पूर्ण बाहेर येत नाही, अर्धवट सरकतो आणि थोड्या वेळाने आपोआप जागेवर बसतोही. पाहणाऱ्याला वाटते, की एवढ्यात बरे वाटले तर मग दुखणे कसले? पण अशा प्रत्येक वेळी सांध्याचे आवरण आणखी ताणले जाते, भोवतालचे स्नायू आवळून धरतात आणि नंतरचे काही दिवस खांद्यापासून मानेपर्यंत दुखत राहते.

आता चवथ तोंडावर आली आहे, म्हणून एक विनंती लगेच करते. ज्या मुलींचे सांधे सैल आहेत, त्यांना फुगडीचा आग्रह करू नये. फुगडीत दोघींचे सारे वजन मागे झुकलेले असते, ते मनगट, कोपर आणि खांदा यांवर लोंबते आणि वेग वाढला की सुटणेही आपल्या हातात राहत नाही. माझ्या मुलीचा खांदा असाच गौरीच्या रात्री निखळला. आईने तिला ‘घाबरू नको, हंयच बस’ म्हणत भिंतीला टेकवून बसवले, मांडीवर उशी ठेवून त्यावर तिचा हात अलगद ठेवला आणि जमलेल्या बायकांपैकी कोणालाही तिच्या हाताला हात लावू दिला नाही. झिम्मा, टाळ्यांची गाणी, फेर यांत तिला सामील करून घेता येते, आणि ते करावे. ती बाजूला बसून राहावी असे माझे म्हणणे अजिबात नाही.

तिरफळ

धागा महत्त्वाचा आहे, त्याबद्दल आभार. परंतु एक शंका मांडतो आणि ती कोणाचाही अनादर करण्यासाठी नाही. आमच्या गावापासून क्ष-किरण काढण्याची सोय असलेले रुग्णालय बरेच दूर आहे, पावसाळ्यात रस्त्याची अवस्था तुम्हाला ठाऊक आहेच. गावातले हाडवैद्य पिढीजात काम करतात आणि माझ्या वडिलांचा खांदा त्यांनी अनेकदा बसवून दिला आहे. तो आपोआपही बसतो असे तुम्हीच लिहिता, मग जाणत्या माणसाने बसवला तर नुकसान काय?

कातळवाट (भौतिकोपचार, रत्नागिरी)

तिरफळ यांचा प्रश्न प्रामाणिक आहे आणि त्याचे उत्तर सविस्तर द्यायला हवे, कारण आपल्याकडे अंतर ही खरीच अडचण आहे.

खांद्याचे हाड जागेवरून निघाले की काखेजवळून जाणारी चेतातंतू ताणली जाण्याची शक्यता असते. दंडाच्या बाहेरच्या बाजूला, खांद्याच्या गोलाईवर, बोट फिरवून दोन्हीकडची संवेदना सारखी आहे का, हे पाहणे ही त्याची सोपी चाचणी. बसवण्यापूर्वी ही संवेदना कशी होती आणि बसवल्यानंतर कशी आहे, याची नोंद झाली पाहिजे. दुसरे म्हणजे हाडाचा टवका उडाला असेल किंवा हाड मोडलेले असेल, तर ओढल्याने ते आणखी सरकते, आणि मोड आहे की नाही हे बोटांनी चाचपून ठरवता येत नाही. तिसरी गोष्ट सैल सांध्यांच्या माणसांसाठी विशेष महत्त्वाची आहे. आवरण आधीच ताणलेले असताना जोर लावून हात ओढणे म्हणजे त्याला आणखी लांबवणे. हाडवैद्यांचा हात कितीही सफाईदार असला, तरी जोर तो जोरच. आयुष्यात पहिल्यांदा निखळलेला सांधा, पडल्यामुळे किंवा मार लागून निखळलेला सांधा आणि नेहमीपेक्षा वेगळा दिसणारा किंवा दुखणारा सांधा हे तिन्ही रुग्णालयातच गेले पाहिजेत, रस्ता कितीही वाईट असला तरी.

आता ज्यांचे निदान झालेले आहे आणि ज्यांचा तोच खांदा त्याच तऱ्हेने पुनःपुन्हा सरकतो, त्यांच्याबद्दल. सांधा सरकताच स्नायू आवळतात आणि त्या आवळण्यानेच तो बाहेर अडकून राहतो. म्हणून पहिले काम सांधा बसवण्याचे नसून स्नायू सैल पडू देण्याचे आहे. पाठीला आधार देऊन बसावे, कोपर वाकवून हात उशीवर पूर्ण टेकवावा, म्हणजे हाताचे वजन खांद्यावर लोंबणार नाही. खांद्यावर आणि मानेवर गरम पाण्याची पिशवी ठेवावी आणि श्वास सोडण्याचा वेळ घेण्याच्या वेळेपेक्षा लांब ठेवावा. अनेकांचा सांधा एवढ्यानेच आत जातो. गुडघ्याची वाटी बाहेरच्या बाजूला सरकली असेल, तर बसून पाय अगदी सावकाश सरळ केल्यावर ती बहुधा परत येते. सुरंगीताईंच्या आईंनी मुलीला कोणाला हात लावू दिला नाही, ते शंभर टक्के योग्य केले.

मात्र बोटे गार, पांढरी किंवा निळसर पडली, मुंग्या येऊन बधिरपणा वाढत गेला, हाताची किंवा पायाची हालचालच बंद झाली, किंवा नेहमी जेवढ्या वेळात सांधा बसतो तेवढा वेळ उलटून गेला, तर थांबू नये. खुबा निखळणे आणि गुडघ्याचा पूर्ण सांधा निखळणे (वाटी नव्हे, मांडीचे आणि नडगीचे हाड एकमेकांपासून) या दोन्ही गोष्टी प्रत्येक वेळी तातडीच्याच समजाव्यात. गुडघ्यामागची मुख्य रक्तवाहिनी त्यात फाटू शकते आणि वेळ गेल्यास पाय गमवावा लागू शकतो. खुब्याच्या सांध्यात उशीर झाला, तर मांडीच्या हाडाच्या डोक्याचा रक्तपुरवठा तुटण्याचा धोका वाढतो. सिंधुदुर्गातले बरेच लोक अशा वेळी गोव्यातल्या बांबोळीच्या मोठ्या सरकारी रुग्णालयात नेतात, पण पाय गार पडलेला असेल तर आधी जवळच्या रुग्णालयात नाडी तपासून घ्यावी आणि मग पुढे जावे.

तिरफळ

उत्तर पटले. वडिलांची दंडावरची संवेदना कधीच कोणी तपासलेली नाही. क्ष-किरणही काढलेला नाही. या आठवड्यात त्यांना घेऊन जातो.

अबोली

माझी मुलगी बारा वर्षांची आहे. तिचा अंगठा मनगटाकडे वाकवला की सरळ हाताला टेकतो, गुडघे न वाकवता तळवे जमिनीला लागतात आणि याच कारणाने नाचाच्या व योगासनांच्या शिक्षिका तिचे फार कौतुक करतात. ती उभी राहिली की गुडघे मागच्या बाजूला धनुष्यासारखे वाकतात. गेल्या वर्षभरात तिच्या गुडघ्याची वाटी काही वेळा सरकली आहे. हा धागा वाचून काळजी वाटू लागली आहे. तिलाही हाच आजार असेल का?

कातळवाट

अबोलीताई, लवचिक मुले पुष्कळ असतात आणि त्यांतल्या बहुतेकांना कोणताही आजार नसतो, हे आधी लक्षात घ्या. लवचिकता मोजण्यासाठी बेटन मापन वापरतात. करंगळी मागे नव्वद अंशांच्या पलीकडे जाणे, अंगठा हाताला टेकणे, कोपर आणि गुडघा दहा अंशांहून अधिक मागे वाकणे, यांचा प्रत्येक बाजूला एकेक गुण आणि तळवे जमिनीला टेकण्याचा एक, असे एकूण नऊ गुण. २०१७ च्या निकषांत वयात न आलेल्या मुलांसाठी सहा, त्यापुढे पन्नाशीपर्यंत पाच आणि पन्नाशीनंतर चार गुणांची मर्यादा धरली आहे. वयानुसार माणूस ताठर होत जातो, म्हणून ही उतरंड. पण नुसते गुण म्हणजे निदान नव्हे. मऊ, ताणली जाणारी त्वचा, कागदासारखे पातळ व्रण, लहान वयात हर्निया, घरात इतरांना तसाच त्रास, अशा गोष्टी जोडून पाहाव्या लागतात. तुमच्या मुलीची वाटी सरकते आहे, एवढ्यावरून तपासणी करून घेणे मात्र नक्कीच योग्य.

तपासणी होईपर्यंत एक गोष्ट आजपासून बदलता येईल. तिला टोकापर्यंत ताणणारी आसने बंद करा. सैल सांध्यांच्या मुलांना ताण घेतल्यावर क्षणभर बरे वाटते आणि त्यांना ते सहज जमते, त्यामुळे शिक्षकांनाही वाटते की हीच यांची ताकद आहे. खरे तर त्यांना शिकवायचे असते ते टोकाच्या अलीकडे थांबणे. सांधा कोणत्या कोनात आहे हे मेंदूला सांगणारी जाणीव अशा मुलांमध्ये मंद असते, म्हणून ती गुडघा मागे टेकून, अस्थिबंधांवर लोंबून उभी राहतात, कारण सांधा कुठे आहे हे त्यांना तिथे गेल्यावरच कळते. मी आरशासमोर उभे करून गुडघा किंचित सैल ठेवायला शिकवतो. सुरुवातीला मुले म्हणतात की आपण वाकून उभे आहोत असे वाटते. आरशात मात्र पाय सरळ दिसत असतो. तेच उभे राहणे पाटावर, मग डोळे मिटून, मग एका पायावर, अशा क्रमाने पुढे जायचे.

व्यायामाचे तत्त्व असे की अस्थिबंध घट्ट करता येत नाहीत, पण त्यांचे काम स्नायूंकडून करून घेता येते. गुडघ्यासाठी मांडीचे व कुल्ल्याचे स्नायू, खांद्यासाठी पाठीचे, फऱ्याचे आणि खांद्याच्या खोबणीभोवतीचे छोटे स्नायू. सुरुवात हालचाल न करता नुसता स्नायू आवळून धरण्याने करावी, मग भिंतीला किंवा जमिनीला हात-पाय टेकलेले व्यायाम, आणि वजन सगळ्यांत शेवटी. वाढ इतकी सावकाश असावी की घरच्यांना ‘काहीच प्रगती नाही’ असे वाटावे. महिनोन्महिने लागतात. एका आठवड्यात जोर करून पुढच्या आठवड्यात अंथरुण धरण्यापेक्षा हे कितीतरी चांगले. आधारपट्टा जड कामापुरता आणि हात गळ्यात अडकवायची झोळी खांदा निखळल्यानंतर थोडेच दिवस, कारण आठवडेच्या आठवडे हात बांधून ठेवला तर ज्या स्नायूंवर आपली भिस्त, तेच सुकतात.

पोफळ

कातळवाट यांचे सर्व म्हणणे मान्य करून एक मोठी सूचना जोडतो, कारण आमच्या घराने ती फार किंमत देऊन शिकली आहे. दापोली तालुक्यातले आमचे कुटुंब. माझा मोठा भाऊ उंच, हातपाय लांब, बोटे लांबसडक, छाती आत गेलेली, चष्मा लहानपणापासून जाड. त्याचे सांधेही सरकत. सर्वांनी सांध्यांकडेच पाहिले. ऐन तिशीत छातीतून पाठीत फाडत गेल्यासारखी कळ येऊन तो गेला. महाधमनी फाटली होती. त्यानंतर आम्हा उरलेल्यांची तपासणी झाली आणि मार्फन सिंड्रोम असल्याचे कळले.

मार्फनमध्ये हृदयातून निघणारी महाधमनी तिच्या मुळाशी हळूहळू फुगत जाते आणि बराच काळ काहीही जाणवत नाही. ते इकोमध्ये, म्हणजे हृदयाच्या सोनोग्राफीत, दिसते आणि मोजता येते. मी दर वर्षी इको करतो. फुगण्याचा वेग कमी ठेवण्यासाठी रक्तदाबाच्या गोळ्या दिल्या जातात आणि मुळाचा व्यास सुमारे ५ सेंटिमीटरपर्यंत पोहोचला की फाटण्याची वाट न पाहता शस्त्रक्रियेचा विचार होतो. डोळ्यातले भिंगही जागेवरून सरकू शकते, म्हणून नेत्रतज्ज्ञांकडून बाहुली मोठी करून तपासणी करावी लागते. एहलर्स-डॅनलॉसच्या रक्तवाहिन्यांच्या प्रकारात तर सांधे फारसे सैल नसतातही, फक्त बोटांचे असतात. त्वचा इतकी पातळ की शिरा दिसतात, सहज काळेनिळे होते आणि धमन्या, आतडे किंवा गरोदरपणी गर्भाशय फाटण्याचा धोका असतो. घरात कोणी तरुणपणी अचानक गेले असेल, तर ती गोष्ट डॉक्टरांनी विचारली नाही तरी त्यांना सांगा.

म्हणून माझा आग्रह असा की व्यायाम सुरू करण्याआधी निदान व्हावे. श्वास रोखून जोर लावणे, जड वजन उचलणे, दोर ओढणे यांत रक्तदाब एकदम चढतो. अतिलवचिक प्रकाराच्या माणसाला स्नायू आवळून धरण्याचा जो व्यायाम तारतो, तोच जोर लावून केला तर फुगलेल्या धमनीच्या माणसाला मारक ठरू शकतो.

कातळवाट

पोफळ यांच्या भावाबद्दल वाचून फार वाईट वाटले. त्यांची सूचना माझ्या प्रतिसादाच्या आधी वाचली जावी अशी माझी इच्छा आहे. नव्याने आलेल्या सैल सांध्यांच्या रुग्णाला मी इको झाल्याशिवाय जोराचे व्यायाम देत नाही.

झावळी

मी मालवणचा. रापणीला (किनाऱ्यावरून ओढायच्या मोठ्या जाळ्याला) दोर ओढायला जातो, हंगामात होडीवरही असतो. उजवा खांदा आता वर्षातून अनेकदा निखळतो, डावाही सरकू लागला आहे. शस्त्रक्रिया करून घट्ट करून घे, असे सगळे सांगतात. माझ्या एका नातेवाइकाची केली होती, ती काही काळ टिकली आणि पुन्हा तेच सुरू झाले. पोट यावरच असल्याने नेमका सल्ला हवा आहे.

कातळवाट

दोन्ही खांदे सैल आहेत, तर आधी सांगितलेली तपासणी आणि इको या दोन गोष्टी करा, आणि तोवर रापणीचा दोर ओढू नका. पोफळ यांनी लिहिले तेच कारण.

शस्त्रक्रियेबाबत सांगायचे, तर मार लागून फाटलेले आवरण शिवले की ते चांगले जुळून येते, कारण शिवलेला पदार्थ मुळात मजबूत असतो. जन्मजात सैल माणसात शिवलेले आवरण तशाच कोलॅजेनचे असल्याने ते पुन्हा ताणले जाण्याचे प्रमाण जास्त आहे. शिवाय अशा माणसांचा खांदा पुढे, मागे आणि खाली अशा सर्व दिशांना सरकत असतो, एकाच बाजूने घट्ट केला तर तो दुसऱ्या बाजूने निघू लागतो. म्हणून किमान सहा महिने नेटाने केलेला व्यायाम आधी, आणि तो खरोखर अपुरा पडल्यावर शस्त्रक्रियेचा विचार, असा क्रम आहे. शस्त्रक्रिया कधीच करू नये असे नाही. हाड झिजून खोबणीची कड गेली असेल तर ती लागतेही. मात्र शल्यविशारदांना निदान आधी सांगितलेले असावे, कारण टाके जास्त दिवस ठेवावे लागतात आणि भूल दिल्यावर स्नायूंचे संरक्षण नाहीसे झालेले असताना हात-पाय-मान वळवतानाच दुसरा सांधा निखळू शकतो.

कामाबद्दल असे, की ओढताना हात डोक्याच्या वर किंवा मागे गेला की खांदा सर्वांत दुबळ्या स्थितीत असतो. दोर कमरेला पट्टा बांधून अंगाच्या वजनाने ओढण्याची पद्धत हातांनी ओढण्यापेक्षा बरी, तीही इको चांगला आल्यावर. होडीवर सुकाणू, जाळी निवडणे, विणणे, मासळीची प्रतवारी अशी कामे सहकाऱ्यांशी बोलून मागून घ्या. निखळलेला खांदा घेऊन पाण्यात पडलेला माणूस पोहू शकत नाही, एवढे कारण त्यांना पटण्यासारखे आहे. जीवरक्षक जाकीट न घालता होडीवर चढू नका.

अबोली

पोहण्याचा विषय निघाला म्हणून विचारते. समुद्रात पोहणे मुलीला चालेल का?

कातळवाट

संथ, उबदार पाणी सैल सांध्यांना फार चांगले, कारण वजन हलके होते आणि पाण्याचा दाब सांधा कुठे आहे याची जाणीव वाढवतो. छातीएवढ्या पाण्यात नुसते चालणेही उत्तम व्यायाम आहे. लाटेचा झटका मात्र कधी आणि कुठून बसेल हे सांगता येत नाही आणि पायाखालची वाळू सरकत असते, म्हणून समुद्रापेक्षा तलाव बरा. बेडकासारखा पाय मारण्याने गुडघ्याच्या आतल्या बाजूवर ताण येतो, तोही टाळावा.

सुरंगी

घरकामाबद्दल काही लिहिते, कारण बायकांचे सांधे सर्वांत जास्त तिथे निखळतात आणि सर्वांत कमी बोलले जाते तेही तिथलेच. विळीवर नारळ खवताना करवंटी अंगठ्याच्या मुळाने दाबून फिरवावी लागते, रोजच्या वाटपासाठी (खोबऱ्याच्या वाटणासाठी) हे रोज होते आणि माझा अंगठा नेमका तिथेच सरकायचा. मी आता खोबऱ्याचे तुकडे काढून मिक्सरला लावते. चवीत फरक पडतो, तो घराने स्वीकारला आहे. विहिरीवर पोहरा हाताने ओढण्यापेक्षा रहाटाचा दांडा दोन्ही हातांनी छातीच्या पातळीत फिरवावा, आणि पंपाची सोय असेल तर तीच वापरावी. भरलेली कळशी एका कमरेवर घेऊन चिऱ्याच्या पायऱ्या उतरू नयेत, अर्धी भरून दोन फेऱ्या कराव्यात. लावणीच्या दिवसांत चिखलात रुतलेला पाय वळवून काढताना वाटी सरकते, म्हणून अशा बाईला तरवा (भाताची रोपे) काढून जुड्या बांधण्याचे काम द्यावे, तेही बसून. एस.टी.त वरचा दांडा न धरता समोरच्या आसनाची कड धरावी. पाळीच्या आधीचे दिवस आणि गरोदरपण यांत सैलपणा वाढतो, असा अनेकींचा अनुभव आहे. त्या काळात घरच्यांनी कामाची वाटणी बदलावी.

मला सर्वांत जास्त दुखते ते ‘काम टाळायला बसली’ हे वाक्य. सकाळी अंगण सारवलेली बाई दुपारी कळशी उचलू शकत नाही, हे या आजारात रोजचे आहे.

अबोली

तपासणी झाली. बाल-अस्थिरोगतज्ज्ञांनी आनुवंशिकी विभागाकडे पाठवले आहे, इको चांगला आला. सासूबाईंचे म्हणणे असे, की कागदावर आजार लिहून घेऊ नये, पुढे लग्नाला अडचण येईल. माझ्या माहेरीही असे सांधे आहेत, त्यामुळे दोष माझ्यावर येतो, तेही सहन करते आहे.

सुरंगी

अबोलीताई, मार्फन आणि एहलर्स-डॅनलॉसचे बहुतेक सामान्य प्रकार आई किंवा वडील या दोघांपैकी कोणाकडूनही येऊ शकतात आणि प्रत्येक अपत्याला ते मिळण्याची शक्यता निम्मी असते, मग ते मुलगी असो वा मुलगा. मार्फनच्या सुमारे एक चतुर्थांश माणसांत तर घरात कोणालाच नसताना बदल नव्याने झालेला असतो. यात कोणाच्या वागण्याचा, आहाराचा किंवा गरोदरपणातल्या चुकीचा काडीचाही संबंध नाही. हे सासूबाईंना आनुवंशिकी समुपदेशकाच्या तोंडून ऐकवा, त्या विभागात अशी भेट घेता येते आणि घरातली वडीलधारी माणसे सोबत नेता येतात. मुंबईचे केईएम रुग्णालय दुर्मिळ आजारांसाठी केंद्र सरकारने निवडलेल्या केंद्रांपैकी एक आहे, तिथे चौकशी करावी.

निदान लपवले तर मुलीला बाळंतपणात भूल देणाऱ्या डॉक्टरांनाही ते कळणार नाही. लग्नाची अडचण त्यापुढे मला लहान वाटते, आणि माझ्या मुलीबाबतही मी हेच ठरवले आहे.

शाळेपुरते सांगायचे, तर दिव्यांग हक्क कायदा २०१६ च्या एकवीस प्रकारांच्या यादीत या आजारांचे नाव नाही, पण अस्थिव्यंग या प्रकारात जिल्हा रुग्णालयात मूल्यमापन करून घेता येते. प्रमाणपत्र मिळाल्यास दहावीच्या परीक्षेत लेखनिक आणि वाढीव वेळ मागता येतो. ते मिळो न मिळो, शाळेला साधे पत्र आजच द्या. दप्तर दोन्ही खांद्यांवर, जाड पकडीची पेनं, कबड्डी आणि दोरीवरची ओढाताण नको, आणि सांधा निखळल्यास कोणीही ओढू नये, एवढे त्यात असावे.

पोफळ

औषधांची एक गोष्ट राहिली. लघवीच्या किंवा पोटाच्या संसर्गाला सिप्रोफ्लॉक्सासिन, ऑफ्लॉक्सासिन, लिव्होफ्लॉक्सासिन ही प्रतिजैविके आपल्याकडे सर्रास दिली जातात, औषधाच्या दुकानातून परस्परही घेतली जातात. या गटाने कंडरे तुटण्याचा धोका असतो आणि डिसेंबर २०१८ मध्ये अमेरिकेच्या अन्न व औषध प्रशासनाने मार्फन व एहलर्स-डॅनलॉस यांचा नावाने उल्लेख करून, महाधमनीच्या धोक्यामुळे दुसरा पर्याय असताना ती देऊ नयेत, असे सांगितले. दंतवैद्यांनाही आधी सांगावे, कारण एहलर्स-डॅनलॉसच्या अनेक माणसांना दात काढताना दिलेली बधिरतेची सुई नीट लागत नाही किंवा लवकर उतरते, आणि तोंड बराच वेळ उघडे राहिल्यास जबडा निखळतो. मध्ये मध्ये थांबण्याची विनंती करावी आणि जांभई देताना हनुवटीखाली मूठ धरावी.

तिरफळ

वडिलांना घेऊन जाऊन आलो. क्ष-किरणात खांद्याच्या हाडाच्या डोक्याला मागच्या बाजूने खोबण पडलेली दिसली, ती वारंवार निखळल्याने पडते असे डॉक्टरांनी सांगितले. दंडावरची संवेदना थोडी कमी आहे. इकोची तारीख मिळाली. माझीही करंगळी नव्वद अंशांच्या पलीकडे जाते, हे डॉक्टरांनीच दाखवले, त्यामुळे माझेही नाव लिहून घेतले आहे. प्रवासात काही झाले तर जवळ कोणता कागद ठेवावा?

सुरंगी

आमचा कागद मराठीत आणि इंग्रजीत, एकाच पानावर आहे आणि तो प्लॅस्टिकच्या पाकिटात पर्समध्ये असतो. निदानाचे नाव, कोणते सांधे कोणत्या दिशेला सरकतात, नेहमी किती वेळात बसतात, शेवटच्या इकोची तारीख आणि महाधमनीचा व्यास, टाळायची प्रतिजैविके, बधिरतेच्या सुईची अडचण आणि घरातल्या एका माणसाचा फोन. सर्वांत वर ठळक अक्षरांत ‘हात ओढू नका, आधी नाडी आणि संवेदना तपासा, क्ष-किरण काढा’ असे लिहिले आहे. वडिलांच्या कागदावर दंडावरची संवेदना आधीपासूनच कमी आहे, हे आवर्जून लिहा, नाहीतर पुढच्या वेळी तपासणाऱ्यांना ती नवी इजा वाटेल. त्या खोबणीचा क्ष-किरणही मोबाइलमध्ये फोटो काढून ठेवा.